पैकूभाऊंनी वाचवलेला कोंबडा

पैकूभाऊ भांडेकर मला पहिल्यांदा दिसले ते रस्त्याच्या मधोमध मांडी घालून बसलेले. घोट गावाच्या पुढचा जंगलातला रस्ता. रस्ता म्हणायचा आपला, खरं म्हणजे दोन चाकांची खोल चाकोरी. तिच्यात समोरासमोर दोन बैलगाड्या अडकल्या होत्या. दोन्ही गाडीवान खाली उतरून एकमेकांच्या आयाबहिणींची मोठ्या आवाजात विचारपूस करत होते. आणि मधल्या मोकळ्या जागेत, बैलांच्या फुरफुरणाऱ्या नाकपुड्यांखाली, खादीची बंडी घातलेला एक काळा, हडकुळा माणूस बसला होता. लग्नाच्या पंगतीत पान मांडायची वाट पाहत बसावं, तसा.

"बसा," तो म्हणाला.

"बसू काऊन? यानं गाडी मांगं घ्यावं ना!" एक गाडीवान.

"घेते तो. पन आधी बस."

"तुमी कोन जी मधात?"

"मी कोनी नाई. चालून चालून थकलो, बसलो."

बैलाच्या पायाशी माणूस बसलेला असताना गाडी हाकता येत नाही आणि बसलेल्या माणसाला उभ्यानं शिव्या देत राहिलं तर आपणच येडे दिसतो. थोड्या वेळानं एक बसला. मग दुसरा बसला. तंबाखू निघाली. हा कुठला, तो कुठला, कुणाची मावशी कुणाच्या गावात दिली आहे, सगळं निघालं. शेवटी दोघंही इतके विरघळले की दोघंही आपापली गाडी मागे घ्यायला निघाले आणि "तुमी आधी जा", "नाई, तुमी आधी" यावरून पुन्हा जुंपायची वेळ आली. पैकूभाऊंना पुन्हा बसावं लागलं.

मी सायकल धरून हे नाटक फुकटात पाहिलं. नाटकातलं मला कळतं. हिवाळ्यात धान कापून झालं की सावली गावाच्या बाजूला ठिकठिकाणी नाटकं होतात, त्यांत मी त्या काळी नऊवारी नेसून नायिका व्हायचो आणि उरलेले दिवस त्या जंगलातल्या एका कुडाच्या शाळेत मास्तर. तेव्हा सांगतो, रंगमंचावर नुसतं बसून प्रेक्षकांना गप्प करणारा नट मी दुसरा पाहिला नाही.

त्या दिवशी ते माझ्याबरोबर शाळेत आले आणि पुढची काही वर्षं येत-जात राहिले. एकोणीसशे पन्नासचं दशक होतं. आमचा तो सगळा मुलूख तेव्हा चांदा जिल्ह्यात होता. आडनाव भांडेकर आणि काम भांडणं मिटवायचं, यावर मी केलेले विनोद त्यांनी पुष्कळ सोसले. सावलीजवळ वैनगंगेच्या काठी त्यांच्या घरची चांगली धानाची शेती. बेचाळीसला तुरुंगात गेले, सुटल्यावर वर्ध्याकडच्या एका आश्रमात काही वर्षं सूत काततच राहिले आणि मग आमच्या जंगलात शिरले. कुणी पाठवलं म्हणून नव्हे. "तिकडे शांती शिकवाले लोक मायंदाळ हायेत," म्हणाले, "इकडे कोनी येत नाई."

त्या जंगलात वाघ होते, अस्वलं होती. काठीशिवाय कुणी परसाकडेही जात नसे. पैकूभाऊंच्या हातात काठी कधी दिसली नाही. त्याऐवजी ते भजन म्हणत चालायचे. आता हे भजन कसं होतं ते सांगायला हवं. त्याला सूर नव्हता, ताल नव्हता. होती फक्त ताकद. कोसभर आधी कळायचं की पैकूभाऊ येत आहेत.

"अस्वलाले आधी सांगतलं पायजे, मी येऊन राह्यलो म्हनून," ते म्हणायचे. "अचानक दिसलो का तो घाबरते. घाबरला का मारते. मानसाचंही तसंच हाय."

"पण भाऊ, निदान सुरात सांगा."

"अस्वलानं आजवर तक्रार नाई केली, गुरुजी. तुमीच करता."

काठी न धरण्याचं खरं कारण मात्र त्यांनी एकदाच सांगितलं, तेही माझ्याकडे न पाहता. तरुणपणी, धानाच्या रोवणीच्या दिवसांत, त्यांनी आपल्या सालगड्याला तुतारीच्या, म्हणजे बैलांना टोचायच्या, काठीनं मारलं होतं. बैल चिखलात फसवला एवढाच त्याचा गुन्हा. त्या माणसाचा एक डोळा गेला. "काठी हातात असली का माहा हात आयकत नाई," ते म्हणाले. आपले दोन्ही तळवे मांडीवर उताणे ठेवून ते त्यांच्याकडे असे पाहत होते, की जणू ती दुसऱ्याच्या घरची कुत्री आहेत आणि केव्हा चावतील याचा नेम नाही.

बाकी त्यांच्या अहिंसेनं मला पुष्कळ छळलं. माझ्या खाटेत ढेकूण होते. मी उन्हात खाट आपटून ते मारायचो. पैकूभाऊ आले की ते एकेक ढेकूण पानावर घेऊन कुंपणापाशी सोडून येत. "जा बाप्पा," असं प्रेमानं म्हणत. माझा दाट संशय आहे की ते ढेकूण पैकूभाऊंच्या आधी खाटेवर परत येत.

आणि जेवण! दोन घरांचं भांडण असेल तर आधी एकाकडे जेवायचं, मग दुसऱ्याकडे, त्याशिवाय तोंड उघडायचं नाही, हा त्यांचा नियम. चामोर्शीकडे दोन भावांच्या धुऱ्याचा, म्हणजे शेताच्या बांधाचा, वाद मिटवायला गेले. मोठ्याच्या बायकोनं वाढलं, तर धाकटीनं ईर्ष्येनं दुप्पट वाढलं. मग मोठीला राहवेना. तीन दिवस हेच चाललं. शेवटी पैकूभाऊ ओसरीवर पोट धरून आडवे झाले आणि दोन्ही जावा मिळून त्यांना ओव्याचं पाणी पाजायला लागल्या. धुऱ्याचा निकाल त्या ओव्याच्या पाण्यावर लागला. "पोटानं मिटवला," असं म्हणून ते फार दिवस हसत.

असा हा माणूस. आणि या माणसाच्या हातून जे झालं, ते मी आता सांगणार आहे. आतापर्यंत माझा आवाज चढा लागला होता, इथून तो तसा राहणार नाही.

माझ्या शाळेपासून थोड्या अंतरावर माडिया लोकांचं एक गाव होतं. त्याच्या दोन वस्त्या, वरचा टोला आणि खालचा टोला. दोहोंच्या मध्ये मोहाची जुनी झाडं. जंगलात मोहाचं झाड म्हणजे घरचं माणूस. कुठलं झाड कुणाचं ते ठरलेलं असतं. उन्हाळ्याच्या तोंडाशी फुलं गळायला लागली की त्या घरच्या बाया पहाटे उठून टोपल्या घेऊन जातात. त्या वर्षी सीमेवरच्या एका झाडाखाली दोन घरच्या टोपल्या आल्या. खालच्या टोल्याचा लालसू आणि वरच्या टोल्याचा रैनू यांची जुंपली. रैनूची कुऱ्हाड लालसूच्या दंडात बसली. संध्याकाळपर्यंत दोन्ही टोल्यांचे गडी धनुष्यं घेऊन झाडीत उभे होते.

पैकूभाऊ मला ओढतच घेऊन गेले, कारण शाळेतल्या पोरांमुळे मला थोडीफार माडिया बोली येत होती. झाडाखाली जाऊन ते बसले. दोन्हीकडून बाण रोखलेले, आणि मध्ये हा गृहस्थ टकळीवर सूत काततोय. मी? मी एका जाड खोडामागे उभा होतो, तेही अंग चोरून. दुसऱ्या दिवशी लालसू येऊन बसला. मग रैनू बसला. तिसऱ्या प्रहरापर्यंत बोलणं झालं: एका वर्षी एकानं वेचायचं, पुढच्या वर्षी दुसऱ्यानं. कुणाचा जीव गेला नाही. पैकूभाऊंच्या डोळ्यांत पाणी होतं.

मग गावाचा पुजारी उठला. त्याला तिकडे गायता म्हणतात. चैतू नावाचा वाळक्या लाकडासारखा म्हातारा. ऐनाच्या झाडाखाली गावदेवीचा दगड होता. त्याच्यापुढे त्यानं पळसाच्या पानावर चिमूटभर तांदूळ ठेवले आणि एक तांबडा, तुरेबाज कोंबडा आणला. तिकडची रीत अशी: देवीला बळी मान्य आहे की नाही ते कोंबडाच सांगतो. त्यानं ते तांदूळ टिपले, तर मान्य. मग त्याचं रक्त मातीवर सांडायचं आणि भांडणारे दोघं एकाच द्रोणातून मोहाची दारू प्यायचे. मधल्या माणसानं उरलेली प्यायची. समेट झाला.

सगळे श्वास रोखून होते. कोंबड्यानं मान वाकडी करून तांदळाकडे पाहिलं, आणि टक टक टिपले. दोन्ही टोल्यांतून सुटकेचा असा आवाज आला, की मलाही हायसं वाटलं.

आणि पैकूभाऊ उभे राहिले. भांडणात उभे राहिलेले पैकूभाऊ मी तेव्हा पहिल्यांदा पाहिले. ते पुढे झाले आणि त्यांनी कोंबडा उचलून काखेत घेतला.

"रक्तानं रक्त कसं मिटन?" ते म्हणाले. "आन दारूनंच तर कुऱ्हाडी उठतेत. माह्यासाठी सोडा याले. मी गूळ आनला हाय, नारळ आनलं हाय. सारे गोड खाऊ."

मी त्याचं भाषांतर केलं. लोकांनी चैतूकडे पाहिलं. चैतूनं जमिनीकडे पाहिलं. ज्या माणसानं आपल्यासाठी बाणांच्या मध्ये दोन दिवस उपाशी काढले, त्याला नाही कसं म्हणणार? त्यांनी नारळ फोडला. लालसूनं रैनूच्या हातावर गुळाचा खडा ठेवला, रैनूनं लालसूच्या. पैकूभाऊ परतीच्या वाटेवर असं भजन म्हणत आले, की त्या दिवशी त्या जंगलात एकही जनावर थांबलं नसेल.

कोंबडा माझ्या शाळेत राहिला. छाती काढून तो वर्गातून चालायचा, पाढे चालू असताना मध्येच थांबून एका डोळ्यानं पाटीकडे पाहायचा आणि नापसंतीनं मान झटकायचा. पोरांनी त्याचं नाव इन्स्पेक्टर ठेवलं. पैकूभाऊ आले की झोळीतून मूठभर तांदूळ काढून अंगणात टाकत आणि जिभेनं टकटक करत. "या साहेब, तपासनी करा." तो धावत यायचा. ते मग त्याच्याकडे पाहत बसायचे. मी आयुष्यात एवढं तरी वाचवलं, असं काहीतरी त्यांच्या चेहऱ्यावर असायचं.

पुढच्या उन्हाळ्यात, मोह गळायच्या आधीच, लालसूनं रैनूला बाणानं मारलं.

मारलं आणि स्वतःच चालत ठाण्यात गेला. धनुष्य टेबलावर ठेवलं. जबाब घेताना विचारलं, अरे, तुमचा तर समेट झाला होता ना? तेव्हा तो म्हणाला, "समेट नाई झाला. गूळ खाल्ला होता."

हे वाक्य ठाण्यातल्या शिपायानं आम्हाला शाळेच्या पायरीवर बसून सांगितलं, गंमत म्हणून. पैकूभाऊ हसले नाहीत. इन्स्पेक्टर त्यांच्या पायाशी माती उकरत होता.

त्यानंतर ते चांद्याच्या तुरुंगात लालसूला भेटून आले. मला वाटलं, त्यानं शिव्या दिल्या असतील. तसं काही झालं नाही. "त्यानं मलेच समजावलं," पैकूभाऊ म्हणाले. "म्हने, भाऊ, तू चांगला मानूस हायेस. पन वर्षभर मले झोप नाई आली. रैनूलेही येत नोती. कोन आधी मारते, एवढंच पाहून राह्यलो होतो आमी." मग म्हणाले, "आन इचारलं, कोंबडा कसा हाय? जीव लावते गुरुजी, मानूस कोंबड्यालेही."

जीव लागला म्हणून लालसूनं ते विचारलं नव्हतं. ते कळलं लालसूची बायको जुरी आली तेव्हा.

भर दुपारी आली. अंगणात उभी राहिली. पैकूभाऊ पडवीत टकळी घेऊन बसले होते, पण सूत निघत नव्हतं. ती थेट त्यांच्याकडे गेली. बाजारहाटामुळे तिला मराठी येत होती. तिकडची माणसं सगळ्यांनाच अरे-तुरे करतात, देवालाही.

"तो कोंबडा हाय?"

"हाय."

"जित्ता?"

"जित्ता."

तिनं श्वास सोडला आणि खाली बसली. "मंग दे."

मग तिनं सांगितलं: रैनूचा भाऊ पांडू यानं बाण घासून ठेवले होते. लालसूचा धाकटा भाऊ सोमा घरी झोपत नव्हता, रानात मचाणावर राहत होता. पण चैतूनं पांडूला थांबवून धरलं होतं. देवीनं तांदळातून होकार दिला, ताट पुढं आलं आणि उचलून नेलं. ते ताट तिला परत मिळेपर्यंत थांब, म्हणाला. पांडू त्यावर थांबला होता. पण मोह गळेपर्यंतच.

"मी दुसरा कोंबडा देतो," पैकूभाऊ म्हणाले. त्यांचा आवाज मी ओळखला नसता. "दोन देतो."

"दुसऱ्यानं कुठी तांदूळ टिपले?"

"दुसरं काई तरी करू, बाई. मी जाऊन मधात बसतो. पांडूले समजावतो."

"मागल्या खेपेले तू दुसरंच केलं," जुरी म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता, हेच वाईट होतं. "तू बसते, मंग उठून चालला जाते. आमी तिथीच राह्यतो."

पैकूभाऊंनी माझ्याकडे पाहिलं. मी नट माणूस, दुसऱ्याची वाक्यं म्हणणारा. इन्स्पेक्टर तेवढ्यात वर्गातून बाहेर आला, आम्हा तिघांची पाहणी केली आणि झोळीकडे तांदळाच्या आशेनं आला. पैकूभाऊंनी तांदूळ काढले. हातावरच खाऊ घातले. मग त्याला काखेत घेतलं आणि जुरीच्या मागे चालू लागले.

मी बरोबर गेलो. वाटेत ते एक अक्षर गायले नाहीत.

ऐनाच्या झाडाखाली दोन्ही टोले जमले होते. पांडू एका बाजूला, सोमा दुसऱ्या बाजूला, दोघांची धनुष्यं चैतूच्या पायाशी. पैकूभाऊंनी कोंबडा चैतूपुढे धरला. चैतूनं घेतला नाही.

"ज्यानं नेला, त्यानं धराचा," तो म्हणाला. मग हळूच माझ्याकडे वळून माडियात म्हणाला, याला सांग, देवी माझ्याशीही बोलत नाही. पण यांना झोप यायला पाहिजे.

मी सांगितलं.

पैकूभाऊंनी दोन्ही हातांनी इन्स्पेक्टरचे पाय धरले. मला ते हात आठवत होते, मांडीवर उताणे ठेवलेले. चैतूनं पानावर पुन्हा तांदूळ ठेवले. मी मनातल्या मनात ओरडत होतो, टिपू नको लेका, टिपू नको. पण त्याला पैकूभाऊंच्या हाताखाली तांदूळ टिपायची वर्षभराची सवय. त्यानं लगेच टिपले.

चैतूचा हात चपळ होता. रक्त मातीवर सांडलं, काही पैकूभाऊंच्या बंडीवर उडालं. पंखांची फडफड थांबेपर्यंत त्यांनी पाय सोडले नाहीत. मग द्रोण आला. पांडू प्याला, सोमा प्याला. उरलेलं पैकूभाऊंपुढे आलं. ज्यानं गावोगाव फिरून दारू सोडवली, तो माणूस ते एका घोटात प्याला आणि त्याला जोराचा ठसका लागला. माडिया माणूस ठसक्याला हसल्याशिवाय राहत नाही. त्या दिवशी कुणी हसलं नाही.

विधी संपला तरी पैकूभाऊ उभेच होते, हात पुढे धरून. तेव्हा पांडू, ज्याच्या भावाचा जीव गेला होता तो, पुढे आला आणि त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "बस, भाऊ."

ते बसले.

त्या गावात त्यानंतर कुणी कुणाला मारलं नाही. त्या मोहाखाली पुढच्याच उन्हाळ्यात मी जुरी आणि पांडूची बायको यांना एकमेकींच्या उवांवरून भांडताना ऐकलं. भांडण चांगलं खणखणीत होतं. सोमा घरी झोपू लागला. हे सगळं मी पैकूभाऊंना आनंदानं सांगायचो. ते ऐकून घ्यायचे. आश्रमात जाऊन त्यांनी घडलं ते सगळं सांगितलं होतं. तिथे कुणी त्यांना जा म्हटलं नाही, पण ते परत तिकडे गेले नाहीत. त्यांना भांडण मिटवायला बोलवायला आता जास्तच माणसं येत. ते जात, बसत. पण "बसा" म्हणेनात. विचारलं तर म्हणायचे, "मले आता कोनाले सांगाची हिंमत होत नाई, गुरुजी. खरं काय होतं, ते मीच इचारून राह्यलो."

शेवटचे ते आले ते असेच एका सकाळी, जिवतीच्या डोंगराकडे जायला निघालेले. पोरं वर्गात पाढे म्हणत होती. पैकूभाऊ अंगणात उकिडवे बसले, झोळीतून मूठभर तांदूळ काढले आणि जमिनीवर टाकले. जिभेनं टकटक केली. मला वाटलं, सवयीनं केलं असेल. पण ते उठेनात. त्या तांदळांकडे पाहत बसून राहिले, चैतू बसायचा तसे. काय विचारत होते, कुणाला विचारत होते, कोण जाणे. मी दारातून पोरांना खूण केली, बाहेर येऊ नका म्हणून.

अंगणात काहीच आलं नाही. कावळासुद्धा नाही.

बऱ्याच वेळानं ते उठले, धोतराला हात पुसले, माझ्याकडे पाहून "येतो" म्हणाले आणि वाटेला लागले. हातात काठी नव्हती. पुढे सगळं दाट जंगल होतं. मी पायरीवर उभा राहून ऐकत होतो, की आता सुरू करतील, वळणापाशी तरी सुरू करतील. अस्वलाला कळायला नको का, हा माणूस येतोय म्हणून? पण भजन ऐकू आलं नाही.

मी आत वळलो, आणि मागे बारीक टकटक झाली. दोन चिमण्या उतरून तांदूळ टिपत होत्या. मी धावत पायरीवर आलो, नाटकातला सगळा आवाज एकवटून हाक मारली. वळणावर कुणी नव्हतं.